व्हिडिओ फाइलच्या पोटात काय आहे, ते संगणकावर कसं पाहायचं?

प्रश्न असा आला आहे: सत्तरीतल्या एका शिक्षिकेकडे गावच्या जत्रेतल्या मराठी संगीत नाटकांच्या तीन व्हिडिओ फाइली आहेत. पहिली मिनीडीव्ही टेपवरून, म्हणजे जुन्या व्हिडिओ कॅमेऱ्याच्या छोट्या कॅसेटवरून, उतरवून घेतलेली. त्यात त्यांचे दिवंगत वडील काम करताना दिसतात, पण साल कुणालाच नक्की आठवत नाही. दुसरी अलीकडच्या नाटकाची, कॅमेरावाल्याने पेनड्राइव्हवर दिलेली, दोन तास चाळीस मिनिटांची आणि १.२ जीबीची. तिसरी भाच्याने आयफोनवर काढलेली. यंदा जत्रेत देवळासमोरच्या मंडपात एलईडी पडद्यावर त्यातले प्रवेश दाखवायचे आहेत, आणि पडदेवाला म्हणतो, ‘रिझोल्यूशन, एफपीएस, कोडेक, बिटरेट पाठवा.’ हे सगळं संगणकावर कुठे दिसतं?

ताई, फोंड्यात गेली अठ्ठावीस वर्षं लग्नं, जत्रा आणि नाटकं चित्रित करतोय, आणि त्यातला बराच वेळ दुसऱ्यांच्या फाइली तपासण्यात गेलाय. म्हणून आधी हात जोडून एक विनंती: तपशील पाहून होईपर्यंत एकही फाइल ‘कन्व्हर्ट’ करू नका. पडदेवाल्याचे चार शब्द कानावर पडले की लोक घाबरून एखादा कन्व्हर्टर उतरवतात आणि फाइल त्यातून काढतात. एका कन्व्हर्जनमध्ये जे जातं ते परत येत नाही. तिन्ही फाइली दुसऱ्या एखाद्या डिस्कवर कॉपी करा, मूळ पेनड्राइव्ह कपाटात ठेवा आणि कॉपीवरच काम करा.

पडदेवाल्याचे चार शब्द आधी साध्या भाषेत: रिझोल्यूशन म्हणजे चित्राची पिक्सेलमधली मापं, एफपीएस किंवा फ्रेम रेट म्हणजे सेकंदाला किती चित्रं, कोडेक म्हणजे ती कोणत्या रीतीने आवळून ठेवलीत ते, आणि बिटरेट म्हणजे सेकंदाला किती माहिती खर्च होते ते. आता सुरुवात सोप्या जागेपासून. विंडोजवर फाइलवर राइट क्लिक, ‘प्रॉपर्टीज’, वरचा ‘डिटेल्स’ टॅब. लांबी, फ्रेमची रुंदी आणि उंची, डेटा रेट (म्हणजे बिटरेटच), फ्रेम रेट, आवाजाचे चॅनल एवढं तिथे मिळतं. घाईत असाल तर चालेल, पण पडदेवाल्याचा मुख्य प्रश्न कोडेकचा आहे, आणि ते नाव तिथे सहसा नसतं. मॅकवर फाइल क्विकटाइम प्लेअरमध्ये उघडून ‘कमांड’ आणि ‘आय’ दाबलंत तर छोटी खिडकी उघडते, तिच्यात कोडेकचं नाव असतं.

व्हीएलसी हा व्हिडिओ प्लेअर बहुतेकांकडे असतोच. त्यात फाइल चालू ठेवून ‘टूल्स’मधलं ‘कोडेक इन्फर्मेशन’ उघडा. विंडोजवर ‘कंट्रोल’ आणि ‘जे’ दाबलं की तेच येतं. तिथे एका जागी माणसं हमखास अडखळतात. रिझोल्यूशन १९२०×१०८० आणि त्याखाली ‘बफर डायमेन्शन्स’मध्ये १०८८ किंवा १०९० असला उंचीचा आकडा. फाइल बिघडलेली नाही. एच.२६४ (हा एक कोडेक) चित्राचे १६×१६ पिक्सेलचे चौकोन पाडतं आणि १०८० ला १६ ने पूर्ण भाग जात नाही, म्हणून ते आतून १०८८ ओळी धरतं आणि दाखवताना खालच्या जादा आठ कापतं. पडदेवाल्याला १०८०च सांगा.

पण रोजच्या कामाला मी वापरतो तो मीडियाइन्फो, फाइलचे तपशील दाखवणारा प्रोग्राम. फुकट आहे, विंडोज, मॅक आणि लिनक्स तिन्हींवर चालतो. फाइल त्याच्या खिडकीत ओढून टाकली की पहिलं पान त्रोटक दिसतं. ‘व्ह्यू’ मेन्यूत जाऊन ‘टेक्स्ट’ निवडा. मग जनरल, व्हिडिओ आणि ऑडिओ असे तीन भाग ओळीने उघडतात. फाइल मोठी असली तरी दोन-तीन सेकंदांत होतं, कारण तो चित्र चालवत नाही, फाइलच्या सुरुवातीचे आणि शेवटचे तक्ते वाचतो. तिन्ही फाइलींचा हा मजकूर कॉपी करून एका वहीवजा टेक्स्ट फाइलमध्ये साठवा. पुढे काहीही झालं तरी मूळ काय होतं याचा पुरावा हातात राहतो.

आता त्या ओळी वाचायच्या कशा ते सांगतो. जनरलमधली ‘फॉरमॅट’ ही ओळ आणि व्हिडिओमधली ‘फॉरमॅट’ ही ओळ या दोन निराळ्या गोष्टी आहेत आणि सगळा घोळ इथे होतो. जत्रेच्या नाटकाला ड्रेपरीवाला ट्रंका घेऊन येतो ना, तसं समजा. ट्रंक म्हणजे कंटेनर: एमपी४, एव्हीआय, एमकेव्ही, एमओव्ही. आत ठेवलेला शालू, अंगरखा, मुकुट म्हणजे कोडेक, अर्थात चित्र कोणत्या रीतीने घडी घालून ठेवलंय ते. एकाच आकाराच्या दोन ट्रंकांत निराळा माल असू शकतो. एका एमपी४मध्ये एच.२६४ निघेल, दुसऱ्यात एच.२६५. पहिलं २००३ चं, जवळजवळ प्रत्येक यंत्राला उलगडता येतं. दुसरं २०१३ चं, जुन्या प्लेअरना जमत नाही. मीडियाइन्फो पहिल्याला ‘एव्हीसी’ म्हणतो आणि दुसऱ्याला ‘एचईव्हीसी’. नावं निराळी, वस्तू त्याच. फाइलच्या नावाच्या शेवटची तीन अक्षरं तर ट्रंकेवर चिकटवलेली चिठ्ठी. ती कुणीही बदलू शकतं, म्हणून चिठ्ठी वाचून पडदेवाल्याला उत्तर देऊ नका.

दुसरी फाइल, कॅमेरावाल्याची, घेऊन बसू. तुम्ही लिहिलंय की नाटक दोन तास चाळीस मिनिटांचं आणि फाइल १.२ जीबीची. मीडियाइन्फो उघडण्याआधीच मला शंका आली, ती अशी. १.२ जीबी म्हणजे साधारण १२०० मेगाबाइट. एका बाइटमध्ये आठ बिट, म्हणून ९६०० मेगाबिट. दोन तास चाळीस मिनिटं म्हणजे ९६०० सेकंद. भागाकार बरोबर एक. सेकंदाला एक मेगाबिट, त्यातही आवाज धरून. ‘ओव्हरऑल बिट रेट’ या ओळीत हाच आकडा हजाराच्या आसपास किलोबिट असा दिसेल. फुल एचडी चित्राला एवढ्यात भागवायचं म्हणजे एका वितीच्या कापडात नऊवारी नेसवणं. मीडियाइन्फोत ‘बिट्स, पिक्सेल गुणिले फ्रेम’ अशी एक ओळ असते, एका फ्रेममधल्या एका पिक्सेलच्या वाट्याला किती बिट आले ते सांगणारी; ती फार कमी लोक पाहतात. १९२०×१०८०, २५ फ्रेम आणि एक मेगाबिट असेल तर तिथे ०.०१९ येतं. एच.२६४ मध्ये नाटकासाठी मला ती संख्या ०.१ च्या जवळ हवी असते, म्हणजे पाच मेगाबिट. ०.०५ च्या खाली गेली की मागचा काळा पडदा चौकोनी चौकोनी होतो, आणि नायिकेने मान वळवली की क्षणभर चेहरा धुऊन निघाल्यासारखा दिसतो. फोनवर हे कळत नाही. बारा फुटी पडद्यावर पहिल्या रांगेतल्या आजीलाही कळतं.

म्हणून या फाइलीवर मेहनत करू नका. कॅमेरावाल्याला फोन करा आणि ‘कार्डावरचं मूळ आहे का’ असं विचारा. बहुतेक वेळा त्याच्याकडे असतं. पेनड्राइव्हवर बसावं म्हणून त्याने लहान करून दिलेलं असतं. मूळ फाइली चार-चार जीबीच्या तुकड्यांत मिळाल्या तर त्याने कापल्या असं समजू नका. फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेल्या कार्डावर चार जीबीपेक्षा मोठी एक फाइल बसतच नाही, म्हणून कॅमेरा स्वतःच तुकडे पाडतो. आणि त्याने व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवायची तयारी दाखवली तर ‘डॉक्युमेंट म्हणून पाठव’ असं स्पष्ट सांगा. साधा व्हिडिओ म्हणून पाठवला की तो वाटेत पुन्हा पिळला जातो. डॉक्युमेंट म्हणून फाइल जशीच्या तशी येते.

आता टेपवाली, तुमच्या दृष्टीने सगळ्यांत मोलाची. तिच्यात असं दिसायला हवं: फॉरमॅट एव्हीआय, व्हिडिओ डीव्ही, रुंदी ७२०, उंची ५७६, फ्रेम रेट २५, स्कॅन टाइप ‘इंटरलेस्ड’, स्कॅन ऑर्डर ‘बॉटम फील्ड फर्स्ट’, बिटरेट एकूण २८.८ मेगाबिटच्या आसपास. तासाला जवळजवळ तेरा जीबी होतात. हे जुळलं तर टेप नीट, न पिळता उतरवलेली आहे आणि ही फाइल जपायची. टेपवर फार भिस्त ठेवू नका. आपल्याकडच्या पावसाळ्यात कपाटातल्या टेपला बुरशी धरते, आणि ती चालवणारी यंत्रंही आता शोधावी लागतात.

याउलट तिथे १९२०×१०८० दिसलं तर आनंद मानू नका, कुणीतरी ताणून मोठी केलेली आहे. टेपवर जेवढा तपशील होता तेवढाच आत असणार. रिझोल्यूशनचा आकडा चित्राची मापं सांगतो, आतला ऐवज नाही.

या फाइलीत दोन सापळे आहेत. ७२० ला ५७६ ने भागलं तर १.२५ येतं, पण चित्र दाखवायचं असतं चारास तीन, म्हणजे १.३३. कारण डीव्हीचा पिक्सेल चौरस नाही, किंचित आडवा आहे; मीडियाइन्फोत ‘पिक्सेल आस्पेक्ट रेशो १.०६७’ म्हणून लिहिलेलं असतं. पडद्याच्या प्लेअरने ते मानलं नाही तर माणसं थोडी सडपातळ दिसतात, आणि ऑपरेटरने पडदा भरायला चित्र ताणलं तर चेहरे पसरट होतात. वडिलांचा चेहरा आहे, ताई, ते होऊ द्यायचं नाही. चौरस पिक्सेलच्या हिशोबात ७६८×५७६ करून घ्या आणि दोन्ही बाजूंना काळी पट्टी राहू द्या. ऑपरेटरला मंडपात भेटून सांगा की बाजूची पट्टी मुद्दाम ठेवलेली आहे.

दुसरा सापळा त्या ‘इंटरलेस्ड’चा. प्रत्येक फ्रेममध्ये दोन क्षण विणलेले असतात: सम ओळी एका क्षणाच्या, विषम ओळी सेकंदाच्या पन्नासाव्या भागाने मागच्या-पुढच्या. जुन्या टीव्हीला ते चालायचं. एलईडी पडद्यावर कुणी हात उचलला की हाताच्या कडेला कंगव्याचे दाते दिसतात. हँडब्रेक या फुकट प्रोग्राममध्ये डीइंटरलेसचा फिल्टर आहे. त्यात ‘बॉब’ निवडा म्हणजे दोन्ही क्षण सुटे होऊन सेकंदाला ५० फ्रेम मिळतात आणि तलवारीचा हात सलग फिरतो. नुसतं २५ केलंत तर अर्धी हालचाल फेकली जाते.

आयफोनच्या फाइलीत बघायच्या ओळी निराळ्या. ‘एचईव्हीसी’च्या जोडीला ‘बिट डेप्थ १०’, ‘बीटी.२०२०’, ‘एचएलजी’ किंवा ‘डॉल्बी व्हिजन’ यातलं काही दिसलं तर फोनने एचडीआरमध्ये, म्हणजे जास्त उजेड आणि जास्त रंग धरणाऱ्या पद्धतीत, चित्रण केलंय. नुसत्या ‘एचईव्हीसी’वरून तसं ठरवू नका. फोनवर ते झगझगीत दिसतं आणि साध्या पडद्यावर राखाडी, धुतल्यासारखं. हँडब्रेकमध्ये ‘कलरस्पेस’ बीटी.७०९ (साध्या पडद्याचे रंग) करून ८ बिट एच.२६४ काढा. मग ‘फ्रेम रेट मोड’ बघा. ‘व्हेरिएबल’ असेल तर फोनने उजेड पाहून फ्रेम कमीजास्त केल्या आहेत. खाली किमान आणि कमाल असे दोन आकडे दिसतील. असा व्हिडिओ संपादनाच्या प्रोग्राममध्ये तसाच घेतला तर वीस-पंचवीस मिनिटांनी गाणं ओठांच्या पुढे पळतं. ‘कॉन्स्टंट’ करून घ्या, पण ३० चे जबरदस्तीने २५ करू नका, चाल अडखळते. बाकीच्या फाइलींशी जुळवण्याची गरज नाही, वेगवेगळ्या चालवा. ‘रोटेशन ९०’ दिसलं तर फोन उभा धरला होता. जुना प्लेअर ती सूचना वाचत नाही आणि नट आडवे झोपतात.

फोनच्या चित्रात रंगमंचावर सरकत्या फिकट पट्ट्या दिसत असतील तर त्याचा फाइलीच्या कोणत्याच ओळीशी संबंध नाही. आपली वीज ५० हर्ट्झची; फोनने ३० फ्रेमला धरलेलं शटर तिच्या लयीत बसत नाही. पट्ट्या चित्रात कायमच्या उमटल्या आहेत. पुढच्या वेळी भाच्याला फोनच्या कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये ‘पाल’ (PAL, आपल्याकडची २५ फ्रेमची टीव्ही पद्धत) निवडून २५ वर चित्रण करायला सांगा.

आवाजाच्या ओळी लोक वाचतच नाहीत आणि जत्रेत नेमकी तिथेच फजिती होते. माझीच झाली. माशेलच्या बाजूला एका कार्यक्रमात जुन्या नाटकाचा प्रवेश लावला होता. फाइल मी आदल्या दिवशी तपासली होती: एएसी (हा आवाजाचा कोडेक), ४८ किलोहर्ट्झ, दोन चॅनल, सगळं ठीक. रात्री चित्र सुरू झालं, नट बोलतोय आणि ऐकू येतोय तो फक्त प्रेक्षकांतला खोकला आणि लांबून ऑर्गन. चित्रीकरणाच्या वेळी डाव्या चॅनलवर मिक्सरमधून माइक घेतला होता आणि उजव्यावर कॅमेऱ्याचा स्वतःचा. मंडपातल्या ध्वनीवाल्याने एकच वायर जोडली, ती उजव्याची. माणसं पदाची वाट बघत होती आणि पद आलंच नाही. ती शांतता मला अजून आठवते. मीडियाइन्फो ‘दोन चॅनल’ एवढंच सांगतो, त्या दोहोंत काय भरलंय ते नाही. म्हणून कानाला हेडफोन लावून आधी डावा, मग उजवा असं प्रत्येक फाइल पाच मिनिटं ऐका. डाव्यात माइक आणि उजव्यात गोंगाट असेल तर डावा दोन्हीकडे कॉपी करून घ्या.

एखादी फाइल उघडतच नसेल आणि मीडियाइन्फोत आकार दिसतो पण व्हिडिओचा भागच नाही, किंवा ‘इज ट्रंकेटेड’ अशी ओळ आली, तर बहुधा रेकॉर्डिंग चालू असताना लाइट गेलेली असते. कॅमेरा आपली अनुक्रमणिका शेवटी लिहितो. ती लिहायच्या आत तो बंद पडला. चित्र बहुधा आत शाबूत असतं. त्या कार्डावर पुढे काहीही चित्रित करू नका, फॉरमॅट तर नकोच. त्याच कॅमेऱ्याची, त्याच सेटिंगची एक चांगली फाइल जवळ ठेवा; तिच्या आधाराने अनुक्रमणिका पुन्हा बांधणारे प्रोग्राम आहेत, आणि माझ्या अनुभवात निम्म्याहून जास्त वेळा काम होतं.

पडदेवाल्याला उत्तर देण्याआधी त्यालाच उलट एक प्रश्न विचारा: पडदा किती पिक्सेलचा? जत्रेत नेहमी येणारा ‘पी ३.९’ म्हणजे दोन दिव्यांत ३.९ मिलिमीटर अंतर. त्याच्या अर्ध्या मीटरच्या एका चौकोनात १२८ पिक्सेल. आठ चौकोन रुंद आणि पाच उंच असा पडदा झाला तर तो फक्त १०२४×६४०. भाच्याची फोर-के फाइल तिथे फोर-के म्हणून देण्यात काही हशील नाही, उलट लॅपटॉप अडखळेल. तुमच्या कामाला एमपी४, एच.२६४, ८ बिट, उंची जास्तीत जास्त १०८०, सात-आठ मेगाबिट, आवाज एएसी ४८ किलोहर्ट्झ दोन चॅनल एवढं पुरे. दर नोव्हेंबरात पणजीत इफ्फी हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव येतो तेव्हा कुणीतरी ‘चित्रपटगृहात मग कसं चालतं’ असं विचारतं. तिथे डीसीपी, म्हणजे चित्रपटगृहांसाठीचं डिजिटल पॅकेज, असतं: प्रत्येक फ्रेम जेपेग २००० मध्ये, सेकंदाला २५० मेगाबिटपर्यंत. मंडपाला त्यातलं काहीच लागत नाही.

मीडियाइन्फोचा मजकूर बाहेर पाठवताना दोन ओळी पुसा. ‘कम्प्लीट नेम’मध्ये तुमच्या संगणकावरचा पूर्ण पत्ता, बऱ्याचदा तुमच्या नावासकट असतो. आणि फोनच्या फाइलीत शेवटी १५.४ आणि ७४ अशा सुरुवातीचे आकडे दिसले तर ते अक्षांश-रेखांश, व्हिडिओ कुठे काढला ती नेमकी जागा. जत्रेचं ठीक आहे, पण घरात काढलेल्या व्हिडिओत ते घराचं ठिकाण असतं.

राहिला सालाचा प्रश्न. फाइलवर दिसणारी ‘डेट मॉडिफाइड’ सोडून द्या. ती बहुधा टेप उतरवल्याच्या किंवा नंतर कुणी फाइल बदलल्याच्या दिवसाची. एमपी४मधली ‘एन्कोडेड डेट’ युटीसीमध्ये असते, आपल्या साडेपाच तास मागे. पहाटे दीडला सुरू झालेला अंक तिथे आदल्या तारखेला रात्री आठचा दिसतो. भाच्याच्या फाइलीला तो हिशोब लावा. टेपवाल्या फाइलीत मात्र जनरल भागात ‘रेकॉर्डेड डेट’ ही ओळ शोधा. मिनीडीव्ही कॅमेरा चित्राबरोबरच प्रत्येक फ्रेमसोबत तारीख आणि वेळ टेपवर लिहीत असे, आणि फायरवायर केबलने उतरवली असेल तर ती फाइलीत तशीच उतरते. तिथे जानेवारीची पहिली तारीख आणि रात्री बाराच्या पुढची काही मिनिटं दिसली तर कॅमेऱ्याचं घड्याळ लावलेलं नव्हतं, सोडून द्या. पण तुमच्या जत्रेच्या तिथीशी जुळणारी तारीख आणि मध्यरात्रीनंतरची वेळ निघाली, तर पंचांग काढून ताडून बघा. ती वडिलांच्या नाटकाचीच रात्र.